सरासरीचा हिशेब : ऑस्कर रॉबर्टसनची चौदा वर्षे

कामगार चळवळीत तीसएक वर्षे काढलेल्या माणसाने बास्केटबॉलवर बोलावे, याचे आपल्यापैकी पुष्कळांना नवल वाटले असेल. व्याख्यानमालेच्या चिटणिसांनाही वाटले. त्यांनी आमचा विषय दोनदा विचारून घेतला आणि मगच तो पत्रिकेत छापला. आम्ही खेळाडू नव्हे, आणि गणिती तर मुळीच नव्हे. आमची शाळा आठवीला सुटली. पुढचे शिक्षण युनियनच्या कचेरीत, पगारपत्रकांवर आणि गावच्या वाचनालयात झाले. पण त्या पगारपत्रकांनीच एका शब्दाशी आमची गाठ घालून दिली. तो शब्द म्हणजे 'सरासरी'.

काही वर्षांपूर्वी एका कारखान्यात वाटाघाटी चालू होत्या. व्यवस्थापकांनी आमच्यापुढे एक कागद सरकवला. त्यावर कामगारांच्या वयाप्रमाणे रोजच्या उत्पादनाची सरासरी काढली होती. रेघ चाळिशीपर्यंत वर जात होती आणि मग उतरत होती. साहेब म्हणाले, "पाहा, पंचेचाळिशीनंतर माणूस कसा ढासळतो ते. हे आमचं म्हणणं नाही, आकड्यांचं आहे." जुन्या माणसांना लवकर घरी पाठवण्याची ती तयारी होती. कागद खोटा नव्हता. आम्ही तो घरी आणून तपासला. बेरीज बरोबर, भागाकार बरोबर. तरीही त्यात काहीतरी चुकते आहे असे मन सांगत होते, आणि काय चुकते आहे ते बोटाने दाखवता येत नव्हते.

त्याच सुमारास अमेरिकेतील खेळाडूंच्या युनियनने आपल्या मालकांवर केलेल्या एका खटल्याविषयी आम्ही वाचत होतो. खटला ज्याच्या नावाने ओळखला जातो, त्या खेळाडूच्या गुणांचा तक्ता सहज आमच्या पाहण्यात आला. चौदा वर्षांचे चौदा आकडे. त्या आकड्यांची रेघही तशीच होती : काही काळ उंच आणि मग उतरती. आमच्या साहेबांच्या कागदाला उत्तर आम्हाला तिथे सापडले. ते कसे, हे सांगण्यासाठी हा खटाटोप.

आधी खेळाविषयी थोडे. बास्केटबॉलमध्ये एका वेळी दोन्हीकडचे पाच-पाच खेळाडू मैदानात असतात. दहा फूट उंचीवर कडी असते आणि तीतून चेंडू घालायचा असतो. अमेरिकेतील एन.बी.ए. या व्यावसायिक संघटनेचा सामना ४८ मिनिटांचा असतो. चालू खेळात चेंडू कडीतून गेला की २ गुण मिळतात. प्रतिपक्षाने आगळीक केल्यावर मिळणाऱ्या फ्री थ्रोचा १ गुण असतो. दुरून टाकलेल्या चेंडूला आज ३ गुण मिळतात; पण एन.बी.ए.मध्ये तो नियम १९७९-८० च्या हंगामात आला. आम्ही ज्याच्याविषयी बोलत आहोत तो त्यापूर्वीच निवृत्त झाला होता.

पाचांपैकी उंच माणसे कडीजवळ उभी राहतात. चेंडू पुढे घेऊन येणारा, डाव मांडणारा, कोणाकडे कधी चेंडू द्यायचा हे ठरवणारा जो असतो तो गार्ड. आमच्या भाषेत सांगायचे तर तो खात्याचा मुकादम, पण स्वतःही मशीनवर उभा राहणारा. त्याचे काम दुहेरी असते : स्वतः गुण करायचे आणि दुसऱ्याकडून करवून घ्यायचे. आपण टाकलेल्या चेंडूवर सोबत्याने लगेच गुण केला तर त्याची नोंद 'असिस्ट' म्हणून होते. हुकलेला चेंडू झेपावून ताब्यात घेणे म्हणजे 'रिबाउंड'. हे दोन शब्द पुढे लागणार आहेत.

ऑस्कर रॉबर्टसन हा असा गार्ड. जन्म १९३८ चा, टेनेसी राज्यातला. लहानपण गेले इंडियानापोलिस शहरातील निग्रो समाजाच्या गरीब वस्तीत. त्या काळी त्या समाजाला तोच शब्द लावीत, आज कृष्णवर्णीय म्हणतात. विकत चेंडू घेण्याची ऐपत नव्हती. टेनिसचा चेंडू किंवा रबरी पट्ट्यांनी बांधलेल्या चिंध्यांचा गोळा घ्यायचा आणि फळांच्या टोपलीत टाकायचा, असा त्याचा पहिला सराव. १९५५ साली त्याच्या क्रिस्पस अटक्स या शाळेने राज्याचे अजिंक्यपद मिळवले. ती केवळ कृष्णवर्णीय मुलांची शाळा होती. पुढे सिनसिनाटी विद्यापीठ, १९६० चे रोम ऑलिंपिक व त्यातील सुवर्णपदक, आणि त्याच वर्षी सिनसिनाटी रॉयल्स या व्यावसायिक संघात प्रवेश. तिथे तो दहा हंगाम खेळला. १९७० साली तो मिलवॉकी बक्स संघात गेला व चार हंगामांनंतर १९७४ मध्ये निवृत्त झाला.

आता सरासरी. आपल्याला सरासरी माहीत आहे ती क्रिकेटची. पण क्रिकेटची सरासरी काढताना धावांना डावांनी भागत नाहीत. जितक्या वेळा फलंदाज बाद झाला तितक्या आकड्याने भागतात. ब्रॅडमनच्या कसोटीतील धावा ६,९९६ आणि डाव ८०. त्यातील १० डावांत तो नाबाद राहिला, म्हणून भागायचे ७० ने. उत्तर ९९.९४. हाच भागाकार ८० ने केला असता तर उत्तर ८७.४५ आले असते. माणूस तोच, धावा त्याच. भाजक बदलला की सरासरी बदलली. सरासरीचा कागद पुढे आला की आम्ही पहिला प्रश्न आता हाच विचारतो : भागले कशाने?

बास्केटबॉलमध्ये नाबाद असे काही नाही. जितक्या सामन्यांत पाय ठेवला तितक्यांनी भागायचे. पूर्ण ४८ मिनिटे खेळला तरी एक सामना, पाच मिनिटे खेळला तरी एकच. रॉबर्टसनने एकूण १,०४० सामने खेळले. चालू खेळात ९,५०८ वेळा चेंडू कडीतून घातला, त्याचे दुपटीने १९,०१६ गुण. फ्री थ्रो ७,६९४. एकूण २६,७१०. १,०४० ने भागले की उत्तर येते २५.७. ही त्याच्या कारकिर्दीची सरासरी. घरी जाऊन कोणीही पडताळून पाहावी.

पण एका आकड्यात चौदा वर्षे मावत नाहीत. म्हणून हंगामवार आकडे सांगतो. १९६०-६१ या पहिल्याच हंगामात सामन्यामागे ३०.५ गुण. पुढे ३०.८, २८.३, ३१.४, ३०.४, ३१.३, ३०.५ आणि १९६७-६८ मध्ये २९.२. आठ वर्षे तिशीच्या आगेमागे. जणू ओळंब्याने धरलेली भिंत. मग २४.७ आणि २५.३. इथे सिनसिनाटीची दहा वर्षे संपतात. मिलवॉकीला गेल्यावर १९.४, मग १७.४, मग १५.५, आणि १९७३-७४ या शेवटच्या हंगामात १२.७. सिनसिनाटीच्या ७५२ सामन्यांची सरासरी २९.३ आणि मिलवॉकीच्या २८८ सामन्यांची १६.३. जवळजवळ निम्मी. आमच्या त्या साहेबांनी हा तक्ता पाहिला असता तर ते म्हणाले असते, "बघा, बत्तिशी उलटली आणि माणूस अर्ध्यावर आला."

असा निवाडा देण्यापूर्वी तीन गोष्टी ध्यानात घेतल्या पाहिजेत.

पहिली गोष्ट, सरासऱ्यांची सरासरी काढू नये. वरचे चौदा आकडे मिळवून १४ ने भागले तर २५.५ येतात, आणि खरी सरासरी तर २५.७ आहे. हा फरक का पडतो? एका हंगामात तो ८१ सामने खेळला, दुसऱ्यात ६४ च. चौदाही वर्षांना सारखे वजन दिले की कमी सामन्यांचे वर्ष आपल्या लायकीपेक्षा जास्त बोलते. इथे फरक थोडा आहे; पण दहा माणसांचे खाते आणि शंभर माणसांचे खाते यांची सरासरी अशी काढली, तर पगाराच्या वाटाघाटीत तो फरक थोडा राहत नाही. आम्ही एकदा फसलो आहोत, म्हणून सांगतो.

दुसरी गोष्ट, एकूण मोठे की सरासरी मोठी? १९६७-६८ मध्ये रॉबर्टसन ६५ सामनेच खेळला. त्याची २९.२ ही सरासरी त्या वर्षी सर्वांत वरची होती. तरी गुणांचा पहिला मान मिळाला डेट्रॉइटचा गार्ड डेव्ह बिंग याला. त्याची सरासरी २७.१, पण सामने ७९ आणि गुण २,१४२; कारण त्या वेळी हा मान एकूण गुणांवर देत असत. १९६९-७० पासून नियम बदलला आणि मान सरासरीवर देऊ लागले. म्हणजे पहिला कोण, हे खेळावर ठरले तसेच हिशेबाच्या नियमावरही ठरले. बिंगने काही चोरले नव्हते. अधिक दिवस हजर राहून अधिक काम करणे हाही गुणच आहे. पण नियम आधी ठरलेला असावा आणि सर्वांना ठाऊक असावा, एवढे तरी आपण मागितले पाहिजे.

तिसरी गोष्ट, काळ पाहिल्याशिवाय आकडा वाचू नये. १९६१-६२ च्या हंगामात रॉबर्टसनने सामन्यामागे ३०.८ गुण, १२.५ रिबाउंड आणि ११.४ असिस्ट केले. तिन्ही रकान्यांत दहाच्या वर. याला आज 'ट्रिपल डबल' म्हणतात. संपूर्ण हंगामाची सरासरी अशी येण्याचा योग पुन्हा आला तो पंचावन्न वर्षांनी, २०१६-१७ मध्ये, रसेल वेस्टब्रूकच्या हातून. काही लोक म्हणतात, त्या जुन्या काळी खेळ फार धावता होता, चेंडू पुष्कळ टाकले जात आणि पुष्कळ हुकत, म्हणून आकडे फुगले. हे खरे आहे. त्या हंगामात एकेका संघाचे सामन्यामागे ११८ च्या वर गुण होत. रॉबर्टसनच्या शेवटच्या हंगामापर्यंत ते १०५-१०६ वर आले होते. म्हणून त्याच्या उतरत्या रेघेतील थोडी उतरण सगळ्या खेळाचीच आहे. पण थोडीच. संघाच्या गुणांतील त्याचा वाटा पाहिला तर तो सव्वीस टक्क्यांवरून बारा टक्क्यांवर आला. आकडा आपल्या बाजूचा नसला तरी तो लपवायचा नाही, हे पथ्य आम्ही पाळतो. नाहीतर पुढच्या वेळी आपले खरेही कोणी ऐकत नाही.

मग राहिलेली उतरण कशाची? वयाची काही आहेच. १९६१-६२ मध्ये तो सामन्यामागे ४४ मिनिटे खेळत होता, अखेरीस ३५. गुडघे, पाठ, स्नायू कोणालाच सोडत नाहीत. पण सर्वांत मोठी एकाच वर्षातील घसरण कोठे आहे ते पाहा. २५.३ वरून १९.४; आणि ती १९७० मध्ये, संघ बदलल्यावर. एका उन्हाळ्यात माणूस सहा गुणांनी म्हातारा होत नाही. काम बदलले होते. मिलवॉकीला सव्वासात फुटांचा एक तरुण होता, ल्यू अल्सिंडॉर. पुढे करीम अब्दुल-जब्बार या नावाने तो जगाला माहीत झाला. कडीजवळ त्याच्या हातात चेंडू नेमक्या क्षणी पोचला की गुण ठरलेला. रॉबर्टसनने आपले काम ओळखले. स्वतःचे टाकणे कमी केले आणि चेंडू पोचवणे चालू ठेवले. त्या हंगामात अल्सिंडॉरची सरासरी ३१.७ झाली. संघाने ६६ सामने जिंकले, १६ गमावले, आणि १९७१ चे अजिंक्यपद अंतिम फेरीत बाल्टिमोरला सलग चार सामने हरवून मिळवले. सिनसिनाटीच्या दहा वर्षांत, आठ वर्षे तिशीची सरासरी राखूनही, रॉबर्टसनला अंतिम फेरी एकदाही पाहायला मिळाली नव्हती.

आता त्या दुसऱ्या रकान्याचा हिशेब करू. त्या काळी ३ गुणांचा नियम नव्हता, म्हणून प्रत्येक असिस्टचे मोल नेमके २ गुण. रॉबर्टसनचे एकूण असिस्ट ९,८८७. निवृत्त होताना तो एन.बी.ए.तील उच्चांक होता. त्यांचे गुण होतात १९,७७४, सामन्यामागे १९. हे सगळे दुसऱ्यांच्या नावावर जमा आहेत. आणि शेवटचा हंगाम पाहा, तो बारा गुणांचा 'संपलेला' हंगाम : स्वतःचे १२.७, आणि ६.४ असिस्टचे १२.८. आपल्या हाताने केले तेवढेच त्याने दुसऱ्याच्या हाताने करवले. सरासरी त्यातला एकच अर्धा भाग दाखवते. ती खोटे बोलत नाही. तिला विचारले तेवढेच ती सांगते.

इथे आम्हाला आमच्या कारखान्यातील एक जुने टर्नर आठवले. सारे त्यांना नाना म्हणत. साहेबांच्या कागदावर उतरत्या टोकाला जे ठिपके होते त्यांतील एक त्यांचा. आम्ही त्यांना विचारले, "नाना, तुमचे नग कमी का पडतात?" ते हसले. "पोरांचं टूल मी घासून देतो, जॉब मी लावून देतो, माप चुकलं तर मलाच हाक मारतात. नग पडतो पोराच्या नावावर. पडू द्या की." पुढच्या बैठकीत आम्ही साहेबांना एवढेच म्हणालो की, नाना रजेवर असतील त्या दिवसांची शेजारच्या चार मशीनची सरासरी काढा आणि मग बोलू. साहेबांनी ती काढली. नंतर तो कागद टेबलावर पुन्हा आला नाही. सगळ्याच वृद्ध कामगारांच्या बाबतीत असेच निघेल असा आमचा दावा नाही. काहींचे हात खरोखर थकलेले असतात, आणि त्यांच्यासाठी निराळा, माणुसकीचा युक्तिवाद करावा लागतो. पण तपासण्यापूर्वी निकाल देऊ नये.

शेवटी त्या खटल्याविषयी. त्याशिवाय ही गोष्ट अपुरी राहील. एन.बी.ए.च्या खेळाडूंची युनियन १९५४ मध्ये निघाली. ती काढणारा बॉब कूझीही गार्डच. १९६४ च्या जानेवारीत बॉस्टन येथे निवडक खेळाडूंचा ऑल-स्टार सामना होता. दूरचित्रवाणीवर प्रक्षेपणाची वेळ आली, तरी निवृत्तिवेतनाचे आश्वासन मिळेपर्यंत खेळाडू कपडे बदलण्याच्या खोलीतून बाहेर येईनात. आश्वासन मिळाले, सामना उशिरा सुरू झाला. त्यात २६ गुण करून सर्वोत्कृष्ट ठरला तो रॉबर्टसन. पुढच्या वर्षी तो युनियनचा अध्यक्ष झाला आणि निवृत्तीपर्यंत राहिला.

त्या वेळी करारात एक कलम असे. कराराची मुदत संपली तरी खेळाडूवरचा संघाचा हक्क संपत नसे. मालक सोडील तरच तो दुसरीकडे जाणार. स्पर्धा करणारी ए.बी.ए. ही दुसरी संघटना निघाल्यामुळे पगार वाढू लागले होते, तर दोन्हीकडच्या मालकांनी एकत्र होण्याचे ठरवले. याविरुद्ध १९७० च्या एप्रिलमध्ये युनियनने दावा लावला आणि त्यावर अध्यक्षाचे नाव घातले. ज्याची सरासरी २५ आहे त्याला मालक सहसा हात लावीत नाही. ज्याची ५ आहे त्याला पहिल्या कागदावर सही करावी लागते. म्हणून नाव मोठ्या सरासरीवाल्याचे हवे होते. तडजोड झाली १९७६ मध्ये. मुदत संपलेल्या खेळाडूला दुसऱ्या संघाकडे जाण्याची वाट त्यातून मोकळी होऊ लागली, आणि ती तडजोड 'ऑस्कर रॉबर्टसन नियम' म्हणूनच ओळखली जाते. रॉबर्टसनने तोवर खेळ सोडून दोन वर्षे झाली होती. त्याला स्वतःला तिचा उपयोग करून एकही करार करता आला नाही.

ज्या तक्त्यावरून आम्ही हे सारे सांगितले, त्यात १९७४ नंतर रकाना नाही. तेव्हा आपल्यापैकी कोणापुढे उद्या असा सरासरीचा कागद आला, कारखान्यात, कचेरीत किंवा मुलाच्या शाळेत, तर त्याला घाबरू नका आणि त्याच्यावर रागावूही नका. कागद उलटा करून शांतपणे विचारा : भागले कशाने, कोणते दिवस धरले, आणि या माणसाच्या हातून झालेले काम दुसऱ्या कोणाच्या नावावर पडले आहे काय? एवढे तीन प्रश्न विचारायला आठवी पुरते. आम्ही विचारून पाहिले आहेत.